काकूचं अर्धं वाक्य

ताईचा फोन आला तेव्हा धाकटी मेकअपच्या खुर्चीत डोळे मिटून बसली होती. मेकअपमन तिच्या ओठांभोवती सुरकुत्या काढत होता, त्यामुळे हूं की चूं करायची सोय नव्हती. ताईला ते बरंच पडलं. तिनं एका दमात सांगून टाकलं, की आमच्या कॉलनीच्या महिला मंडळाचा वर्धापनदिन आहे, अध्यक्षीणबाई हटूनच बसल्यात, पाहुणी म्हणून तूच हवीस, आणि मी त्यांना हो म्हणून बसलेय. "आता नाही म्हणालीस तर मला तोंड दाखवायला जागा राहणार नाही बघ." धाकटीनं सुरकुत्या न हलवता कसंबसं "बरं" म्हटलं. फोन बंद झाला तेव्हा आपण काय कबूल केलं ते तिच्या ध्यानात आलं. दोन वर्षं तिनं ताईच्या कॉलनीत पाऊल टाकणं टाळलं होतं. ताईलाच ती आपल्याकडे बोलवायची, शूटिंगची कारणं सांगायची, आणि कारणं सांगण्यात तर तिचा हात धरणारा कुणी नव्हता.

धाकटी म्हणजे कुणी शाळकरी पोर नव्हे. पन्नाशी ओलांडलेली, गुडघे कुरकुरणारी, चांगली जाणती बाई. घरातलं शेंडेफळ म्हणून पडलेलं नाव तेवढं वाढायचं राहून गेलं. धंद्यानं ती चरित्र अभिनेत्री. या भारदस्त शब्दाचा अर्थ एवढाच, की सिनेमाभर ती असते आणि पोस्टरवर नसते. तिनं नर्स केल्या, न्यायाधीश केल्या, भामट्या केल्या, तुरुंगाची जेलर केली. स्वतःपेक्षा वयानं मोठ्या असलेल्या नायकांची आई तर इतक्यांदा केली, की तिलाच आता मोजदाद नव्हती. एकदा सकाळी ती एका सिनेमात मेली आणि दुपारी दुसऱ्यात बाळंत झाली. लोक दुकानात तिच्याकडे बघत बसायचे, "तुम्ही त्या ह्या ना?" म्हणायचे, आणि त्या ह्या म्हणजे कोण ते दोघांनाही कळायचं नाही.

एवढी माणसं तिनं आणली कुठून? उघड आहे, चोरून. नटाला दुसरं काय जमतं! पण तिच्या चोरीला एक शिस्त होती. एका माणसाचं एकच काहीतरी उचलायचं. चाल बँकेतल्या कॅशियरची घ्यायची, खोकला जिन्यावरच्या म्हाताऱ्याचा, चष्मा पुसायची तऱ्हा एखाद्या शिक्षिकेची. सगळं एकत्र ढवळलं की नवं माणूस उभं राहायचं. मग तो कॅशियर समोर बसून सिनेमा बघेना का, त्याला काही पत्ता लागायचा नाही. माणसाची अब्रू शाबूत आणि आपलं कामही फत्ते. नव्या मुलींना ती हे मोठ्या तोऱ्यात शिकवायची. काकू वाट्याला येईपर्यंत तिनं हा नेम कधी मोडला नव्हता.

काकूची भूमिका मुळात तिची नव्हतीच. एका मालिकेतली बाई पाय घसरून पडली, हाड मोडलं, आणि सकाळी फोन आला की दुपारी येऊन उभ्या राहा. दिग्दर्शक म्हणाला, "दोनच सीन आहेत हो. मग काकूला आपण भाच्याकडे पाठवून देऊ." माणूस शोधायला, ढवळायला वेळ कुठला! दुसऱ्या बाईच्या मापाचे कपडे टाचण्या लावून अंगावर चढवले आणि धाकटी सेटवरच्या जेवणाच्या टेबलापाशी जाऊन उभी राहिली. काकूनं नवऱ्याला सांगायचं होतं की पुतणीला पुढं शिकायचंय. सरळ साधं वाक्य. नवऱ्याचं काम करणाऱ्या नटानं ताटातून मान वर करून तिच्याकडे बघितलं, आणि धाकटीची जीभ मध्येच थांबली. "मी काय म्हणत होते..." ती म्हणाली. मग नवऱ्याचा चेहरा वाचला, टेबलक्लॉथवरची नसलेली सुरकुती तळहातानं सपाट केली, आपणच आपल्याशी जरासं हसली आणि म्हणाली, "जाऊ दे."

हसून हसून कॅमेरामनचा खांदा हलायला लागला. दिग्दर्शक खुर्चीतून उठून आला. "बाई, कुठून आणलंत हो हे? हेच ठेवा!"

कुठून आणलं ते धाकटीला त्याच क्षणी कळलं होतं. तो हात तिचा नव्हताच. तो ताईचा हात होता. ते थांबणं ताईचं, ते हसू ताईचं, मान खाली घालायच्या आधीची ती चोरटी नजरसुद्धा ताईचीच. अख्खी ताई तिनं उचलून आणली होती, काही म्हणता काही ढवळलं नव्हतं. उद्या बदलू, असं तिनं ठरवलं. पण टीव्हीत उद्या काही बदलत नसतं. आज डाव्या हातानं कप उचललात की मालिका संपेपर्यंत डाव्याच हातानं उचलायचा. दोन सीनची दोन वर्षं झाली, काकू भाच्याकडे कधी गेलीच नाही, आणि "मी काय म्हणत होते... जाऊ दे" हे वाक्य रस्त्यावरची पोरं एकमेकांना म्हणू लागली. इतकी वर्षं त्या ह्या असलेल्या बाईला आता सगळं जग काकू म्हणून ओळखत होतं. बक्षीस मिळालं, तेही तिनं घेतलं. ते घेताना लाज वाटली, आणि आनंदही झाला. आनंद झाला याची मग आणखी लाज वाटली.

कारण ताईला ती सवय कशी लागली, हे जगात दुसऱ्या कुणाला नाही तरी धाकटीला पक्कं ठाऊक होतं. आईवडील गेल्यावर ती ताईकडेच वाढली. भावोजी वाईट नव्हते असं सगळे म्हणतात. हात उगारला नाही, व्यसन नाही. फक्त घरात दुसऱ्या कुणाचं बोलणं त्यांना खपायचं नाही. ताईनं वाक्य सुरू केलं की ते घास तोंडाशी धरून तिच्याकडे बघत राहायचे. एवढंच. आणि ताई जी वाक्यं सुरू करायची, ती निम्मीशिम्मी धाकटीसाठी असायची. तिला नाटकाच्या तालमीला जायचंय, मी काय म्हणत होते. तिची सहल आहे, मी काय म्हणत होते. मग टेबलक्लॉथवरून हात फिरायचा. समोरच्या खुर्चीवर बसून धाकटी ते सगळं बघायची, आणि पुढं कधीतरी ताई गुपचूप तिला मागच्या दारानं तालमीला सोडायची. धाकटीशी एकटीशी बोलताना मात्र ताई कधी अडखळली नाही. वाक्य पुरं करायची, वर दोन जादाची बोलायची.

भावोजी गेले त्याला तीन वर्षं झाली. ताई हळूहळू बाहेर पडायला लागली, मंडळात जायला लागली, चारचौघींत बोलायला लागली. आणि नेमकी तेव्हाच टीव्हीवर काकू आली. ताई काकूत स्वतःला ओळखेल म्हणून धाकटीचा जीव टांगणीला लागला होता. पण ताईनं ओळखलं नाही. उलट मालिका संपली की रोज फोन. "अगं काय ती तुझी काकू! हसून हसून पोट दुखलं. इतकी कशी गं ती बावळट?" आपला आवाज आपल्याला ओळखू येत नाही तसंच असावं ते. धाकटी फोनवर हसायची आणि फोन ठेवल्यावर कितीतरी वेळ तशीच बसून राहायची. आपण वाचलो, असं मनात यायचं, आणि असं मनात आल्याबद्दल स्वतःच्या थोबाडीत मारावीशी वाटायची.

कार्यक्रमाच्या दिवशी कॉलनीचा हॉल गच्च भरला होता. मागच्या भिंतीला बायका टेकून उभ्या होत्या. स्टेजवर एक टेबल, त्यावर पांढरं कापड, माइक आणि फुलदाणी. अध्यक्षीणबाई दणकट आवाजाच्या. त्यांना माइकची गरजच नव्हती, तरी त्या तो सोडायला तयार नव्हत्या. त्यांनी धाकटीची ओळख करून देताना तिच्या चार भूमिका दुसऱ्याच बाईच्या सांगितल्या. धाकटीनं मान डोलावून त्याही पदरात घेतल्या. ताई पहिल्या रांगेत बसली होती, इस्त्रीचे कपडे, केस नीट बांधलेले, मांडीवर हातात हात घट्ट धरलेले. धाकटीची नजर गेली की ती लहान मुलीसारखी हसायची.

मग प्रश्न सुरू झाले. कुणीतरी विचारलं, "काकू कुठून सुचली हो तुम्हाला? कुणी ओळखीची आहे का अशी?"

ताई मान उंचावून ऐकत होती. हीच ती वेळ होती. खरी गोष्ट इथं सांगता आली असती, प्रेमानं, मानानं सांगता आली असती.

"छे हो," धाकटी म्हणाली. "सगळी कल्पना."

टाळ्या पडल्या. ताईनंही टाळ्या वाजवल्या.

"कल्पना तुमची, पण खरी काकू आमच्याकडे आहे बरं का!" अध्यक्षीणबाई गरजल्या, आणि सगळा हॉल खुसखुसायला लागला. "तुमच्या ताई हो! काय हुबेहूब नक्कल करतात तुमची! मंडळात बोलायला उभ्या राहिल्या की आम्ही आधीच हसायला लागतो. या, या ताई, वर या. आज बहिणीबद्दल दोन शब्द बोलायचे आहेत ना तुम्हाला?"

धाकटीच्या कानात गरम शिसं ओतल्यासारखं झालं. ताई उठली. स्टेजच्या तीन पायऱ्या चढताना तिनं एकदा ओठांतल्या ओठांत पुटपुटून बघितलं. म्हणजे पाठ करून आली होती. माइकपाशी आली. समोर एवढी तोंडं, सगळी हसायला टपलेली.

"माझी धाकटी बहीण," ताई म्हणाली, "माझ्या घरी वाढली. तेव्हापासून... म्हणजे मला सांगायचं होतं की..." ती थांबली. समोर बघितलं. "मी काय म्हणत होते..."

हॉलमध्ये हशा कोसळला. बायका एकमेकींच्या अंगावर पडून हसत होत्या. "अगदी तस्सं!" मागून कुणीतरी ओरडलं. ताईचा चेहरा पडला. तिनं वळून धाकटीकडे बघितलं, सोडव म्हणून.

आणि धाकटीनं काय केलं? ही गोष्ट इथंच थांबवता आली असती तर बरं झालं असतं. पण घडलं ते घडलं. समोर प्रेक्षक, मध्ये टेबल, टेबलावर पांढरं कापड, आणि अर्धवट लटकलेलं वाक्य. इतक्या वर्षांची सवय ती. तिनं विचार केला नाही, विचार करायला वेळच झाला नाही, तिचा हात पुढं झाला, कापडावरची सुरकुती तळहातानं सपाट केली, ती आपल्याशीच जरासं हसली आणि माइकमध्ये म्हणाली, "जाऊ दे."

असा टाळ्यांचा कडकडाट तिला बक्षीस घेतानाही मिळाला नव्हता. बायका उभ्या राहिल्या. अध्यक्षीणबाईंनी दोघी बहिणींना दोन बाजूंना धरून फोटो काढून घेतला. फोटोत ताई हसते आहे. तिनं माइककडे पुन्हा बघितलं नाही. पायऱ्या उतरली आणि आपल्या खुर्चीवर जाऊन हातात हात धरून बसली.

कार्यक्रमानंतर दोघी चालत ताईच्या घरी आल्या. वाटेत जो तो काकूला हात करत होता. घरात शिरल्यावर ताईनं चहा टाकला. जेवणाचं टेबल तेच होतं, खुर्च्या त्याच. भावोजींच्या खुर्चीवर आता इस्त्रीचे कपडे ठेवलेले असायचे. धाकटी आपल्या जुन्या जागेवर बसली आणि कुठं बघावं हे तिला कळेना.

"तुझा कार्यक्रम बिघडवला मी," ताई पाठमोरीच म्हणाली.

"काहीतरीच काय."

"नाही गं. मी मुद्दाम नाही करत ते. त्या सगळ्यांना वाटतं मी नक्कल करते. माझ्याच्यानं आवरत नाही. रोज तुझी मालिका बघते ना, त्यातलं जिभेवर बसलंय. या वयात बघ काय लागण झाली!" ती कप घेऊन आली. "हल्ली मी मंडळात बोलतच नाही फारशी. म्हटलं, लोक म्हणतील बहीण मोठी नटी झाली, तर ही तिच्या जिवावर मिरवते. आज मात्र नीट पाठ केलं होतं. दोन वाक्यंच होती. तरी तुझंच तोंडात आलं. तुला राग आला असेल तर स्पष्ट सांग."

धाकटीला वाटलं, भुईनं पोटात घ्यावं. ताई तिची माफी मागत होती. चोरी झालेल्या घरानं चोराची माफी मागावी तसं. अजूनही गप्प बसता आलं असतं. अगं राग कसला, वेडी का तू, एवढं म्हटलं की झालं; ताई पुन्हा हसली असती, आणि हळूहळू मंडळात जायची बंद झाली असती, आणि कुणालाही काही कळलं नसतं.

"ताई, तू माझी नक्कल करत नाहीस," धाकटी म्हणाली. "मी तुझी केली."

ताईला कळलं नाही. "म्हणजे?"

"काकू तू आहेस. ते थांबणं, ते टेबलावरून हात फिरवणं, सगळं तुझं आहे. याच टेबलावरचं. मी इथं बसून बघायचे ना, ते सगळं माझ्यात राहिलं होतं. त्या दिवशी हाताला लागलं आणि मी ते विकून टाकलं. तुला कधी विचारलंसुद्धा नाही. आज सगळ्यांसमोर खोटं बोलले. आणि मग वर..."

ताई खुर्चीवर बसली. बराच वेळ ती स्वतःच्या हाताकडे बघत होती, जणू तो दुसऱ्या कुणाचा तरी टेबलावर विसरून राहिला होता. मग तिनं तो उचलून मांडीवर घेतला आणि दुसऱ्या हाताखाली झाकून ठेवला.

"मी अशी दिसते?" तिनं विचारलं.

धाकटी कपाच्या कानाशी चाळा करत राहिली.

"मी तिला किती हसायचे गं," ताई म्हणाली. "बावळट म्हणायचे. तुला फोन करून सांगायचे." तिच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर धाकटीनं तो आनंदानं झेलला असता. "ते असे बघायचे माझ्याकडे, तेव्हा मला वाटायचं, तुझं आपलं ताटात लक्ष आहे. लहान आहे, तिला काय कळतंय. तेवढाच आधार वाटायचा."

"मी चुकले, ताई. मी उद्याच जाऊन सांगते मालिकावाल्यांना. सोडून देते ते काम."

"सोडून काय होणार? त्या बायका हसायच्या थांबणार आहेत का?"

चहावर साय धरली. बाहेर कुणाची तरी मोटार सुरू होत नव्हती, ती पुन्हा पुन्हा घुरघुरत होती. शेवटी धाकटीनं धीर करून विचारलं, "आज स्टेजवर तू काय म्हणणार होतीस?"

ताईनं मान वर केली. तोंड उघडलं. आणि धाकटीच्या चेहऱ्याकडे बघून ती थांबली. धाकटीशी एकटीशी बोलताना ताई अशी आयुष्यात पहिल्यांदा थांबली. आणि धाकटीनं, देवा, तेही टिपलं. भुवई कशी उचलली गेली, श्वास कुठं अडकला. तिचे डोळे आपोआप ते काम करत होते, आणि ताईला ते दिसलं.

"तू तिकडे तोंड कर," ताई म्हणाली. "मग सांगते."

धाकटी उठली. तिनं खुर्ची उलटी फिरवली आणि भिंतीतल्या कपाटाकडे तोंड करून बसली, शिक्षा झालेल्या पोरीसारखी. कपाटाच्या दारावरचा रंग एका ठिकाणी उडाला होता. तिनं तेवढ्यावर नजर खिळवून ठेवली. मागे ताईनं एकदा घसा साफ केला.

"माझी धाकटी बहीण माझ्या घरी वाढली," ताईनं सुरुवातीपासून सुरू केलं. आवाज जरा चढा होता, पाठ केलेल्या माणसाचा असतो तसा. "तेव्हापासून मला सांगायचं होतं, की त्या घरात माझं वाक्य शेवटपर्यंत ऐकणारं एकच माणूस होतं, आणि ते म्हणजे ती."

मोटार एकदाची सुरू झाली आणि निघून गेली.

"एवढंच होतं," ताई म्हणाली. "आता वळलीस तरी चालेल."

धाकटी वळली नाही. तिला ते धैर्यच झालं नाही.